सात्यांची जागा

घरातली जेवणं आटोपली, तशी बायनाबाई टोपली धुवायला अंगणातल्या नळावर गेली. टोपलीच्या बुडाशी पळसाचं एक पान चिकटलं होतं. ते काढलं आणि त्याखाली तिला अळंबीची एक छत्री दिसली.

एकच होती. पांढरी, मऊ, वरून बघितली तर रानातल्या खायच्या सात्यांसारखीच. पण सात्या वारुळावर उगवतात आणि उपटल्या की देठाखाली लांबलचक मूळ येतं, वारुळाच्या पोटात खोल गेलेलं. हिला मूळ नव्हतं. देठ बुडाशी फुगीर, आणि गळ्यात फाटक्या कापडासारखी झालर. ही विषारी, हिला गावात कुत्र्याची छत्री म्हणतात. लहान पोरंही तिला काडीने ढोसतात, हात लावत नाहीत.

बायनाबाई ती हातात धरून तशीच उभी राहिली. नळाचं पाणी टोपलीतून वाहून तिच्या पायावर पडत होतं. एक टोपलीत राहिली, तर भाजीत किती गेल्या?

आणि भाजी तर सगळ्यांनी खाल्ली होती. नात संघप्रियाने दोनदा मागून घेतली होती आणि आता ती दप्तर उशाला घेऊन खाटेवर लोळत होती. सून नूतनने खाल्ली होती. मुलगा राजदीप विजेच्या लाईनवर कामाला. त्याने घाईत चार घास खाऊन वर डबाही भरून नेला होता. बायनाबाईने स्वतः तर कढई भाकरीने पुसून खाल्ली होती, पण स्वतःचा विचार तिच्या मनात आलाच नाही. तिच्या डोळ्यांपुढे फक्त ती पोरगी होती, वाटी पुढे करून "आजी, आणखी" म्हणणारी.

आज सकाळी आपण सात्या कुठून आणल्या, एवढंच तिला आठवायचं होतं. नेहमीच्या वारुळावरून आणल्या असतील, तर काळजीचं कारण नव्हतं. तिथे ही भानगड कधी उगवली नव्हती.

आता कोणी म्हणेल, पहाटे रानात गेलेली बाई दुपार व्हायच्या आत विसरते कशी? म्हणणाऱ्याने जरा स्वतःकडे बघावं. घराला कुलूप लावून निघावं आणि फाट्यावर एस.टी.ची वाट बघताना छातीत धस्स व्हावं: कुलूप लावलं का? आठवून बघितलं तर कुलपावरचा हात अगदी स्पष्ट दिसतो. पण तो हात आजचा की कालचा, हे छातीठोकपणे कोण सांगेल? रोज करतो ते काम डोकं रोज वेगळं मांडून ठेवत नाही. ढोलीत जुन्या धानावर नवं धान ओतत जावं तसं ते होतं. मग वरून मूठ भरली तर त्यात कोणत्या सालचे दाणे आले हे दाण्यांनाही ठाऊक नसतं. बायनाबाई लग्न होऊन या कुकडटोल्यात आली आणि सासू थकली, तेव्हापासून दर पावसाळ्यात, धानाच्या रोवण्याच्या दिवसांत, सात्या आणत होती. तिच्याजवळ अशा सकाळींचा ढीग होता, आणि त्यातून तिला आजची तेवढी वेचून काढायची होती.

तिने डोळे मिटले. येनाच्या झाडामागचं ते वारूळ लगेच दिसलं. त्यावर पांढऱ्या टोप्या घालून उभ्या सात्या. ओल्या मातीचा वास. लुगड्याचा काठ चिखलाने जड झालेला. आणि मागे गाडीवाटेवरून हरिदासचं खोकणं ऐकू आलं. हरिदास तिचा नवरा. ती वारुळाकडे वळली की तो तिथेच थांबून मुद्दाम खोकत राहायचा, म्हणजे वाघाला इथे माणूस आहे हे कळावं आणि बायकोला आपण आहोत हे कळावं. किती बरं वाटलं तिला ते खोकणं ऐकून. झालं तर, म्हणजे सात्या तिथल्याच होत्या.

मग तिचे डोळे उघडले. हरिदासला जाऊन तीन पावसाळे झाले होते.

इतकी स्वच्छ दिसलेली सकाळ आजची नव्हतीच. मग आजची कुठे गेली?

विचारायचं तरी कोणाला? सात्यांची जागा कोणाला सांगायची नसते. सांगितली की पुढच्या वर्षी सात्या रुसतात, असं जुनी माणसं सांगतात. खरं म्हणजे पुढच्या वर्षी सांगितलेली माणसं आपल्या आधी तिथे पोचतात. म्हणून जागा सासूकडून सुनेकडे जाते, तीही सासूचे हातपाय थकल्यावर. बायनाबाईच्या सासूने तिला ती जागा शेवटच्या वर्षी दाखवली होती. नूतनला अजून दाखवली नव्हती. एक तर नूतन भद्रावतीची, फॅक्टरीच्या कॉलनीत वाढलेली, रानाच्या नुसत्या वासाने घाबरायची. आणि दुसरं, सुनेला जागा दाखवली म्हणजे आपण थकलो हे आपल्याच तोंडाने सांगणं झालं. बायनाबाई काही एवढ्यात थकणार नव्हती.

शेजारची गुणाबाई तर सात जन्मांची मैत्रीण असल्यासारखी, पण तिलाही पत्ता नव्हता. "कुठून आणते वो बायना, एवढ्या?" असं ती दरवर्षी विचारायची, आणि बायनाबाई दरवर्षी बोडीच्या, म्हणजे गावतळ्याच्या, बाजूला हात करून दाखवायची. निघतानाही ती बोडीच्या पारीवरूनच, बांधावरूनच निघायची आणि दूरवरून वळसा घालून रानात शिरायची, म्हणजे पाठीवर कोणाची नजर असली तरी फसावी. साऱ्या गावाला इतकी वर्षं फसवलं होतं तिने. आज पहिल्यांदा तिला वाटलं, कोणीतरी मागे आलं असतं, कोणीतरी बघितलं असतं, तर किती बरं झालं असतं.

"आजी," खाटेवरून संघप्रिया म्हणाली, "पोट दुखते."

संघप्रियाचं पोट शाळेच्या वेळेला नेहमीच दुखायचं. पाढ्यांच्या दिवशी तर हमखास. पण आज बायनाबाई टोपली तशीच टाकून धावली. तिने जाऊन पोरीच्या पोटावर हात ठेवला. पोट मऊ होतं, गार होतं, काहीच कळत नव्हतं.

"कुठी दुखते?"

"इथी. आन इथी बी."

नूतन चुलीजवळ भांडी आवरत होती. तिला सांगायला हवं होतं, ताबडतोब. तरी बायनाबाईची जीभ उचलेना. गेल्या महिन्यात वरणात दोनदा मीठ पडलं होतं. सिंदेवाहीच्या बाजारात पावसाची छत्री राहिली होती. एकदा गॅस सुरूच राहिला आणि दुधाचं भांडं करपून काळं झालं. तेव्हा नूतनने अगदी हळू आवाजात म्हटलं होतं, "आई, एकदा चंद्रपूरला दाखवून येऊ का?" त्यावर बायनाबाई केवढी उसळली होती! "मले का झालं? तू मोबाईल हातात धरून घरभर मोबाईल धुंडत राह्यते, तुले नेऊ का दाखवाले?" राजदीप हसला होता, नूतनही हसली होती, आणि विषय तिथेच संपला होता. आता ही छत्री पुढे केली की तो विषय पुन्हा निघणार, आणि या वेळी कोणी हसणार नाही. या घरात तिच्या हातचं पुन्हा कोणी निर्धास्त खाणार नाही.

आणि सांगितलं नाही, तर? बायनाबाईला स्वतःचीच किळस आली. पोरीच्या जिवापुढे कसली इज्जत घेऊन बसलो आपण! ती चुलीजवळ गेली आणि तळहात पुढे केला.

"नूतन, हे टोपलीत सापडली. मले याद नाई येऊन राह्यली, आज सात्या कुठून आणल्या ते."

नूतन ओरडली असती तर परवडलं असतं. ती ओरडली नाही. तिने एकदा त्या छत्रीकडे बघितलं, एकदा सासूकडे, आणि हातातली परात इतकी सावकाश खाली ठेवली की आवाजही झाला नाही. मग एकदम उठून तिने फोन घेतला. राजदीपचा फोन लागत नव्हता. लाईन रानातून जाते तिथे टॉवर नसतो. तिने पुन्हा लावला, पुन्हा लावला. मग गावातल्या आरोग्याचं बघणाऱ्या आशाताईला लावला. आशाताईने सांगितलं, थांबू नका, तालुक्याच्या दवाखान्यात न्या, सापडली ती सोबत घ्या, आणि काय खाल्लं, कुठलं खाल्लं ते नीट विचारून ठेवा. विषारी असलं तर लगेच दिसत नाही, मागाहून दिसते. मग लटारूला फोन. लटारूचा ऑटो शाळेची पोरं सोडायला पलीकडच्या गावी गेला होता. येतो म्हणाला, निघालोच.

"आई, नीट आठवा," नूतन म्हणाली. "सगळ्या एकाच जागेवरच्या होत्या, की दोन जागेवरून आणल्या?"

बायनाबाईने पुन्हा डोळे मिटले. पण नूतनने दोन जागा म्हटल्याबरोबर तिला दुसरी जागाही दिसू लागली. बोडीच्या पारीखाली धानाच्या तणसाचा जुना ढीग कुजून पडला होता, त्यावर पांढरं पांढरं काहीतरी, आणि आपण वाकून ते तोडतोय. हे खरंच झालं होतं, की नूतनच्या बोलण्यातून आत्ता उगवलं होतं? जितका जोर लावावा तितकी दोन्ही चित्रं एकमेकांत मिसळत गेली. शेवटी तणसाच्या ढिगामागूनही हरिदासचं खोकणं ऐकू यायला लागलं.

"ऑटो येवोस्तोवर मी पाहून येते," ती म्हणाली. "वारुळावर काढल्याची खूण राह्यते. आजची ताजी असन तं समजन."

"एकट्या नका जाऊ, आई. वाघीण फिरून राह्यली, परवाच गार्ड सांगून गेला ना."

"वाघिणीले मी कायले लागतो!" असं म्हणत बायनाबाई काठी घेऊन निघालीसुद्धा.

आज तिने वळसा घातला नाही. सरळ गावातून, सगळ्यांच्या देखत, रानाच्या वाटेला लागली. धानाच्या बांधीत रोवणाऱ्या बायकांनी मान वर करून विचारलं, कुठी चालल्या, बाई? तिने उत्तर दिलं नाही. वाटेने ती तोंडात वंदना म्हणू लागली. लहानपणी विहारात शिकलेली, पालीतली, अर्थही पुरता न कळता पाठ झालेली. एक अक्षर अडखळलं नाही. पहिल्या शब्दाने दुसऱ्याला ओढलं, दुसऱ्याने तिसऱ्याला, शेवटपर्यंत. तिला रडूच आलं. पन्नास-साठ वर्षांपूर्वीचं सगळं जागच्या जागी होतं, आणि आज सकाळचं, अंगावरचं लुगडं अजून वाळलं नव्हतं इतकं ताजं, काहीच हाती लागत नव्हतं.

नाल्याच्या चिखलात तिला स्वतःची पावलं दिसली. तिचीच चप्पल, टाचेकडे झिजलेली. जाताना आणि येताना. हुश्श झालं. म्हणजे आज ती इकडे आली होती. पण त्या पावलांशेजारी आणखी पावलं होती.

बायनाबाई वाकली. दुसरीही बाईचीच होती, आणि उजवा पाय बाहेर फेकून टाकलेला होता. घसरून पडल्यापासून असं चालणारी गावात एकच. गुणाबाई!

तिच्या अंगाची लाही झाली. तर गुणाने शेवटी डाव साधला. मागे मागे आली, चोरासारखी. बायनाबाई धापा टाकत येनाच्या झाडामागे पोचली, आणि वारूळ बघून तिचं उरलंसुरलं अवसानच गळालं. वारूळ उकरलं होतं. सात्या ओरबाडून काढल्या होत्या, काहींचे देठ अर्ध्यातच तुटून राहिले होते, खड्डे उघडे होते. बायनाबाई सात्या काढते तेव्हा मूळ हलकेच ओढते आणि माती परत दाबते, सासूने शिकवल्यासारखी. इथे एकाही खड्ड्यावर माती दाबलेली नव्हती. तिच्या हाताची एकही खूण नव्हती.

म्हणजे झालं ते असं, तिने स्वतःशी जुळवलं. गुणा मागून आली, आडवाटेने आपल्या आधी पोचली, सगळं लुटून गेली. आपण पोचलो तेव्हा इथे काही नव्हतं. पोरीला तर काल कबूल केलं होतं, आणि रिकाम्या हाताने परतवेना. म्हणून आपण परतताना तणसाच्या ढिगावरून, पांढरं दिसलं ते... हे जुळवत असतानाच ते तिला दिसायलाही लागलं. वाकलेली आपण, घाईघाईने तोडणारे आपले हात, टोपलीत टाकलेलं ते विष. आता तर हरिदासही खोकत नव्हता. म्हणजे हेच खरं!

ती कशी परतली ते तिलाच ठाऊक नाही. रान, वाघीण, चिखल, काहीच तिला दिसलं नाही. पोरीला घेऊन पळायला हवं होतं, डॉक्टरला सांगायला हवं होतं की मीच खाऊ घातलं. पण घराच्या अलीकडे गुणाबाईचं घर, आणि ती ओसरीवर बसून जेवत होती. ताटात सात्यांची भाजी. शेजारी तिचा नवरा नानाजी बोटं चाटत होता.

"गोड लागते का?" बायनाबाई दारातूनच कडाडली. "माह्या मागं मागं आली तू, चोरासारखी! माह्या सासूची जागा लुटली! तुह्यापायी मी माह्या नातीले..." पुढे तिला बोलवेना.

गुणाबाई आधी हसली. तिला वाटलं, थट्टाच चाललीय. मग तिने बायनाबाईचं तोंड बघितलं, हात तसाच ताटात ठेवून. "का झालं, बायना?"

"पाय पाह्यले मी तुहे. नाल्यात. तू आज माह्या मागं नाई गेली?"

"मागं कायले? तुह्यासंगच गेलती ना मी." गुणाबाई उठली, खरकट्या हातानेच जवळ आली. "तूच तं घेऊन गेली मले. उजाडलं आन तू कवाड वाजवलं. चाल, म्हणाली, आज तुले जागा दाखवतो. मले खरंच वाटे ना. हात धरून नेलं तू मले, बायना."

बायनाबाईने रानाकडे हात केला.

"आन वारूळ असं कोणं उकरलं?"

"म्यांच. तू तं बुंध्याले टेकून बसली. म्हणाली, तूच काढ, शिकशील. मले कुठी जमते तुह्यासारखं? अर्ध्या तुटल्या. तू शिव्या देल्ल्या मले." गुणाबाईला पुन्हा हसू आलं आणि तिने ते आवरलं. "मंग आपण अर्ध्या अर्ध्या वाटल्या. तुह्या टोपलीतल्या मी पाह्यल्या, माह्या तू पाह्यल्या."

"ते कुत्र्याची छत्री? माह्या टोपलीत होती ते?"

"वाटेनं तूच उपटली ना ते. मले दाखवाले. हे पाह्य गुणा, हिले मूळ नाई, हे घ्याची नाई, म्हणाली. आन संघप्रियाले बी दाखवतो म्हणून सात्या काढाच्या आधीच टोपलीत खाली पानाखाली ठेवली."

"भाजीत तं नाई ना गेली? सांग, गुणा. एखादी बी?"

"एक बी नाई. आमी बी त्याच खाऊन राह्यलो ना."

बायनाबाई उंबरठ्यावरच बसली. पोरगी वाचली होती. पोरगी मरणारच नव्हती, राजदीपचा डबा चांगला होता, कोणाला काही होणार नव्हतं. आनंदाने तिचे डोळे भरून आले. पण तो आनंद पुरता वर येण्याआधीच खालून दुसरंच काहीतरी वर आलं. गुणाबाईने सांगितलं त्यातलं तिला काहीच दिसत नव्हतं. कवाड वाजवणं नाही, हात धरणं नाही, शिव्या देणं नाही. हरिदास दिसत होता, तणसाचा ढीग दिसत होता. जे घडलंच नव्हतं ते सगळं दिसत होतं, आणि जे घडलं त्या जागी काही म्हणजे काहीच नव्हतं.

"आता आली याद?" गुणाबाईने विचारलं.

"आली ना," बायनाबाई म्हणाली. "येईन नाई तं का."

गुणाबाई तिच्याजवळ उंबरठ्यावर बसली. नानाजीला ऐकू जाणार नाही अशा आवाजात ती म्हणाली, "मी तुले तिथी पुसलं होतं, बायना. साऱ्या जनमभर लपवली, आन आज काऊन दाखवून राह्यली म्हणून. त्यावर तू का म्हणाली, ते बी येते का याद?"

बायनाबाईने मान हलवली. ना हो, ना नाही.

"तू म्हणाली, माह्या डोक्याचा आता भरोसा नाई राह्यला. एखाद्या दिवशी मी हे जागाच भुलून जाईन. तवा तू मले इथी घेऊन येजो." गुणाबाई आणखी जवळ सरकली. "लय रडली तू. मी बी रडली. आन नूतनले सांगू नको म्हणून तू मले शपथ घातली."

म्हणजे तिला माहीत होतं. सकाळी तिला सगळं माहीत होतं. तिने ते कबूल केलं होतं, सोय लावली होती, रडूनही घेतलं होतं. आणि घरी येऊन कांदा चिरायला बसेपर्यंत ते सगळं असं पुसलं गेलं की ती पुन्हा तोच तोरा घेऊन घरात वावरत होती. किती वेळा झालं असेल असं? आणखी कोणाकोणाला तिने काय काय सांगितलं असेल? बायनाबाईला इतकी भीती आजवर कधी वाटली नव्हती, अगदी वारुळापाशीही नाही.

बाहेर ऑटो वाजला. नूतन संघप्रियाला कडेवर घेऊन धावतच निघाली होती. एका हातात कागदात गुंडाळलेली ती छत्री. गुणाबाई पुढे झाली आणि तिने तिला थांबवून सांगितलं, भाजी चांगली आहे, मी सोबत होते, आम्हीही तीच खाल्ली. बाकीचं, शपथ होती म्हणून, सांगितलं नाही. नूतन रस्त्यातच मटकन बसली आणि पोरीला छातीशी धरून हमसून हमसून रडली. संघप्रियाला काही कळेना. पोट आता दुखत नाही, असं तिने आपणहून सांगितलं, आणि मग आज शाळेत जावं लागेल का असं विचारलं.

"मंग मी जाऊ का वापस?" लटारूने विचारलं.

"थांब," बायनाबाई म्हणाली. ती काठी टेकत आली आणि ऑटोत चढून बसली.

"आई, आता कुठे?" नूतन डोळे पुसत म्हणाली. "पोरगी बरी आहे ना."

"पोरीसाठी नाई. तू म्हणत होती ना, एकदा दाखवू म्हणून. आज इथी तालुक्याले दाखवू, मंग ते म्हणतीन तं चंद्रपूरले." तिने गुणाबाईकडे बघितलं. गुणाबाई दारात उभी होती, हात अजून खरकटाच. "गुणा, तू बी बस."

"मी कायले वो?"

"डाक्टर मले पुसन, का का भुलते म्हणून. मले का सांगता येन?" बायनाबाई तिच्यासाठी जागा करत सरकली. "तुले मालूम हाये. सारं सांगजो त्याले. शपथ काढली मी."

गुणाबाईने हात धुतले, चप्पल घातली आणि ती येऊन बसली. नूतन पोरीला घेऊन समोर बसली. लटारूने ऑटो वळवला. गाव मागे पडलं. मग बायनाबाई गुणाबाईकडे झुकली आणि हळूच म्हणाली, "सकाळपासून सांग. कवाड वाजवलं, मंग?"